सगळी गल्ली एकाच फेजवर

चि. धाकट्यास,

ताईचा पोटभर आशीर्वाद. तुझे गुडघे काय म्हणतात? तुझ्या बायकोला सांग, नणंद अजून आहे. अक्षर सूनबाईचं, शब्द माझे. मधेच काही गोड लागलं तर ते तिनं घातलंय असं समज.

तुझ्या दाजींना दम लागतो म्हणून डॉक्टरांनी श्वासाचं यंत्र दिलंय. संध्याकाळी लावायचं. पण संध्याकाळी आमच्याकडे वीज असते ती नावाला. पंखा म्हणतो पाती मोजून घ्या, बल्ब पिकल्या लिंबासारखा, आणि यंत्र जरा घरघरतं नि गप्प बसतं. मग घरघरायला दाजी उरतात. तू वायरमन, तूच सांगायचास की वीज धरणावरून निघते, डोंगर ओलांडते, उपकेंद्रात उतरते, चौकातल्या डीपीच्या पेटीत आणखी बारीक होते नि मग घरोघर जाते. आमचं घर गल्लीत शेवटचं. एवढी पायपीट करून बिचारीला आमचा उंबरा चढायचं त्राण उरत नाही.

त्यात गल्लीची अक्कल! डीपीवरून फेज तीन, म्हणजे तारा तीन, घरं त्यांवर वाटलेली. शिंपीणबाईंकडे वीज कमी पडली, तर त्यांनी इथल्या वायरमनला चहा पाजून आपलं घर मधल्या फेजवर घेतलं. त्यांचा पंखा भणाणला. ते बघून इस्त्रीवाला गेला, मास्तर गेले (दोन गिझर घेऊन), आमच्या चिरंजीवांनाही राहवलं नाही. आता मधल्या तारेवर सगळी गल्ली दाटीवाटीने बसलीय नि बाजूच्या दोन तारांवर कावळे. वायरमनला म्हटलं, बाबा, पुन्हा वाटून दे. तो म्हणतो, "आजी, हलायला कोण तयार आहे ते सांगा." कोण हलणार? काल दाजी म्हणाले, "अगं, त्या यंत्रात तूच जरा फुंकर मार." स्वतःच हसले, त्यातच खोकल्याची उबळ आली. मी नाही रे हसले. मला आता काही सुचत नाही.

तुझी,
मिणमिणत्या उजेडातली ताई

ता. क. : खरं काम असं. तू ये आणि गाजावाजा न करता आमचं एकट्याचं घर भिंतीकडच्या कावळ्यांच्या तारेवर टाक. कुणाला बोलू नकोस.

पुन्हा ता. क. : सूनबाई मधेच पाणी प्यायला उठली ती शिंपीणबाईंना सांगून आली. (हे लिहिताना मान खाली आहे.) आता अख्खी गल्ली भिंतीकडच्या तारेवर निघालीय. म्हणजे मधली मोकळी! आम्हाला हलवू नकोस. तरी तू ये, मिळेल त्या गाडीने ये; खांबापाशी रांगेत पहिला तुझा भाचाच उभा आहे, त्याला कानाला धरून घरी आण.