तरंगाची असामान्य उकल

रविवार, १९ फेब्रुवारी १९५६. सकाळी, चहाच्या आधी.

तरंगाचं समीकरण सुटलं. मी सोडवलं.

विसरण्याआधी लिहून ठेवतो. शालनने परसात कपडे वाळत घालायची दोरी बांधली आहे, खांबापासून कडुलिंबापर्यंत. मी टॉवेल काढायला गेलो. टॉवेल अडकला. हिसका दिला. दोरीवर एक उंचवटा उठला आणि थेट लिंबाकडे पळत सुटला. आकार तोच, वेग तोच. लिंबाला आपटला, उलटा झाला, परत आला. शालनचं एक पातळ आणि माझा शाळेचा शर्ट मातीत. शालन बरंच काही बोलली. मी विचार करत असल्यामुळे ऐकू आलं नाही.

निष्कर्ष असा: दोरीवर कसलीही हालचाल असो, तिचे भाग दोनच. एक तरंग उजवीकडे जाणारा, एक डावीकडे जाणारा. दोघांची बेरीज करा. संपलं. आकार कोणताही घाला, समीकरण सुटतं. सगळ्यांना लागू, म्हणून ही सामान्य उकल. लगेच पाठकोऱ्या कागदांवर ताळा करून पाहिला. जमतो.

बी.एस्सी.ला तरंगाचा अख्खा भाग मी ऑप्शनला टाकला होता. तेव्हा क्लास गेला म्हणून वाईट वाटलं होतं. आता कळतं, त्यामुळेच डोकं स्वच्छ राहिलं.

संकल्प: प्रसिद्ध होईपर्यंत कोणाला सांगायचं नाही.

सोमवार, २० फेब्रुवारी.

बबनरावांना सांगितलं. बबनराव म्हणजे बाहेरचे नव्हेत. आमच्याच हायस्कुलात खालच्या वर्गांना विज्ञान शिकवतात. चिंचवडला आल्यापासून माझा एकुलता एक स्नेही. रोज संध्याकाळी पवनेच्या घाटावर फिरायला जातो. मी बोलतो, ते ऐकतात. अशी मैत्री आजकाल दुर्मीळ.

सगळं ऐकून म्हणाले, उद्धवराव, फार सुंदर आहे हो, पण मला निम्मं कळलं नाही, पुन्हा सांगता का? पुन्हा सांगितलं. तरी निम्मंच. बिचारे! डोकं बेताचं, पण मन सोन्यासारखं. असा माणूस दगा देत नाही.

शालनलाही सांगितलं. ती म्हणाली, सामान्य म्हणजे साधीच ना? मग एवढा आनंद कशाचा? गणितात सामान्य म्हणजे साधी नव्हे, हे समजावत होतो तेवढ्यात दूध उतू गेलं. तो दोषही माझ्यावर.

रविवार, २६ फेब्रुवारी.

प्रयोग. दोरीच्या एका टोकाला मी, दुसऱ्या टोकाला बबनराव. दोघांनी एकदम हिसका दिला. दोन उंचवटे समोरासमोर आले, मध्यावर मिळून क्षणभर एकच मोठा झाला, आणि मग एकमेकांतून आरपार, जसेच्या तसे आपापल्या वाटेने. अगदी माझ्या सूत्रात बसतं तसं. बबनराव टाळ्या पिटायला लागले. दोरी सोडून! मग विचारत बसले, की भेटतात त्या क्षणी नेमका कुठला कोणाचा, हे कसं ओळखायचं? मी म्हटलं, बेरजेत ओळखपाळख नसते. ते घाटावरून परत येईपर्यंत तेच विचारत होते.

मंगळवार, ६ मार्च.

दैव पाठीशी आहे. वाचनालयाची वार्षिक व्याख्यानं एप्रिलात. अध्यक्ष म्हणून पुण्याच्या कॉलेजातले फिजिक्सचे प्रोफेसर येणार. त्यांच्या प्रयोगशाळेत जूनपासून डेमॉन्स्ट्रेटरची जागा रिकामी आहे! वाचनालयाचे सेक्रेटरी सोपानराव (गावात तेलाचं दुकान) यांच्याकडून पक्की बातमी. मी ताबडतोब व्याख्यानाला नाव दिलं. विषय: तरंगाची सामान्य उकल. एकही इंग्रजी शब्द वापरणार नाही.

डेमॉन्स्ट्रेटर ही अर्थात सुरुवात.

बुधवार, १४ मार्च.

हेडमास्तरांना सांगून टाकलं, जूनपासून मी नाही. त्यांनी विचारलं, नेमणूक झाली का? म्हटलं, झाल्यात जमा. ते म्हणाले, मग लेखी द्या. दिलं. इतक्या चटकन घेतलं, की मनाला फारच लागलेलं दिसलं.

रविवार, १८ मार्च.

चिमाजी, म्हणजे आमचे घरमालक, हरभऱ्याची पेंढी घेऊन आले होते. त्यांनाही सांगितलं, मे अखेर खोल्या रिकाम्या. चिमाजी म्हणाले, मास्तर, खरंच जाताय न्हवं? न्हाई म्हंजी, बीडकडला एक गडी हाय, पिंपरीच्या कंपनीत लागलाय. बायकापोरं आणायचीत म्हणतोय. त्याला शबूद दिऊ का? म्हटलं, बिनधास्त द्या.

शालन जेवताना एक अक्षर बोलली नाही. अति आनंदाने माणूस असा मुका होतो.

शनिवार, ७ एप्रिल.

विश्वासघात क्रमांक एक.

वाचनालयाच्या फळ्यावर खडूने लिहिलंय: 'तरंगाची असामान्य उकल'. धावत सोपानरावांच्या दुकानात गेलो. ते शांतपणे तेल मापत म्हणाले, मास्तर, सामान्य ऐकायला कोण येतंय? सामान्य आमी रोज घरीच बघतो. म्हणून एक अ वाढवला. तुमच्याच भल्यासाठी. आणि पुण्याला साहेबांना बी तसंच कळवलंय. लगोलग येतो म्हणाले!

आधी संतापलो. परतताना फळा पुन्हा पाहिला. दुरून वाईट दिसत नाही. किंबहुना सोपानरावांच्या हातून नकळत खरं तेच लिहिलं गेलं. मी पुसलं नाही.

उद्यासाठी चिमाजींकडून मोटेचा नाडा, म्हणजे विहिरीतून मोट ओढायचा जाड दोर, मागून आणला. कपड्यांची दोरी पुण्याच्या माणसापुढे शोभली नसती.

रविवार, ८ एप्रिल. संध्याकाळ.

लिहवत नाही. तरी लिहितो.

गर्दी चांगली. नाड्याचं एक टोक खिडकीच्या गजाला, दुसरं माझ्या हातात. नाडा चांगलाच जड निघाला. पहिला हिसका दिला. तरंग निम्म्या वाटेवर मेला. माझ्या सूत्रात तरंग मरत नाही. नाड्याने दगा दिला. दुसरा हिसका सगळा जोर लावून दिला. तो मात्र पोचला, पण वाटेत टेबल होतं. तांब्या आडवा, पाणी प्रोफेसरांच्या धोतरावर. पोरं हसली. मागून बायकांतून जे हसू आलं ते शालनचं होतं. ओळखलं मी.

मग फळ्यावर सूत्र मांडलं. ते पाहून प्रोफेसर पुढे सरसावले. म्हणाले, ठीक आहे, ही सामान्य उकल झाली. आता असामान्य दाखवा. मी म्हटलं, हीच ती. ते म्हणाले, अहो, असामान्य म्हणजे जी सामान्य सूत्रात बसत नाही ती. ती पाहायची म्हणून मी एवढ्या उन्हाचा आलो. ही तर एका फ्रेंच गणितज्ञाने दोनशे वर्षांपूर्वी काढलेली. बी.एस्सी.च्या पुस्तकात आहे. तुमच्या नाही का?

दोनशे वर्षं! आणि मला कोणी बोललं नाही.

तरी माणूस सभ्य. चहाच्या वेळी बाजूला घेऊन म्हणाले, पुस्तक न बघता काढलीत हे मला आवडलं. आमच्याकडे एक जागा आहे, पण पहिल्यापासून शिकावं लागेल, तयारी आहे? मी बाणेदारपणे सांगितलं, ज्याने समीकरण स्वतः सोडवलं त्याला पहिल्यापासून शिकण्यासारखं काही उरलेलं नाही, फक्त मांडायचं उरलंय. त्यांनी कप खाली ठेवला. छाप पडली असावी.

बबनराव नाडा गुंडाळत होते. प्रोफेसरांनी त्यांनाही विचारलं, तुम्हाला काय कळलं? हे महाशय म्हणाले, निम्मं कळलं नाही साहेब, दोन तरंग भेटतात तेव्हा कुठला कोणाचा हे कसं ओळखायचं? माझी लाजेने मान खाली गेली. प्रोफेसरांना शिष्टाचार म्हणून त्यांच्याशी गाडीच्या वेळेपर्यंत बोलत बसावं लागलं. मी तोवर टेबल पुसत होतो.

सोमवार, ९ एप्रिल.

दगा देणारे: सोपानराव. नाडा. विद्यापीठ, ज्यांनी मला तो भाग ऑप्शनला टाकू दिला. तो फ्रेंच माणूस. शालन (हसली). चिमाजी नाहीत, पण नाडा त्यांचा.

बबनरावांचं नाव यात नाही. निदान एक माणूस तरी शिल्लक आहे.

शुक्रवार, २० एप्रिल.

पुण्याहून काही कळलं नाही. अशा नेमणुकांना वेळ लागतो.

गुरुवार, २६ एप्रिल.

जागा बबनरावांना मिळाली.

बबनरावांना!

घरी येऊन त्यांनीच सांगितलं. उंबऱ्यातच उभे होते, आत येईनात. म्हणाले, उद्धवराव, मी मागितली नव्हती हो. साहेबांचं बोलावणं आलं. तुम्ही नको म्हणालात तर मी नाही जाणार. मी म्हटलं, मी कशाला नको म्हणू, आणि आत जाऊन बसलो. शालनने त्यांना चहा दिला. माझ्या घरात, माझ्या कपात.

ज्याला सगळं कळतं तो इथे, आणि ज्याला निम्मं कळत नाही त्याला प्रयोगशाळा. तेही माझंच समीकरण ऐकून ऐकून. याला विश्वासघात याखेरीज दुसरा शब्द नाही. जे रोज माझ्याबरोबर घाटावर चालले ते असे निघाले. फार लागलं. जेवलो नाही. (दहीभात सोडून.)

संकल्प: बबनरावांशी बोलणं बंद. कायमचं.

शुक्रवार, २७ एप्रिल.

फिरायला एकटाच गेलो. बोलायला कोणी नव्हतं. लवकर परत आलो.

सोमवार, ७ मे.

हेडमास्तरांकडे गेलो. राहण्याचा विचार करीन म्हटलं. ते म्हणाले, तुमच्या वर्गांवर तळेगावचे एक गृहस्थ घेतले. तुम्हीच लेखी दिलं होतं. बबनरावांची जागा मात्र आहे, खालच्या वर्गांची. मी विचार करायला वेळ मागितला. त्यांनी घड्याळाकडे पाहिलं. मी हो म्हटलं.

बुधवार, १६ मे.

चिमाजींना म्हटलं, खोल्या राहू द्या. चिमाजी ओशाळले. म्हणाले, मास्तर, शबूद दिलाय हो. त्यानं गावाकडलं सामान बी हलवलंय. आता न्हाई कसं म्हणू? तुमीच बिनधास्त म्हणला व्हता.

शालन अजून रागावलेली नाही. याची भीती वाटते.

शनिवार, २६ मे.

कट उघडकीस. बबनरावांनी आपल्या खोलीच्या मालकाला सांगून ती खोली आमच्या नावाने ठेवली आहे. शालनला ठाऊक होतं. माझ्या पाठीमागे ठरवलं! मी म्हटलं, त्या माणसाच्या उपकारात मी राहणार नाही. शालनने विचारलं, मग कुठे राहणार? या प्रश्नाचा सूर मला आवडला नाही.

गुरुवार, ३१ मे.

सामान हलवलं. एकच खोली. बबनरावांनी भिंतीला खुंट्या नव्याने ठोकून ठेवल्यात आणि कपड्यांची दोरीही बांधून ठेवली आहे. मी दोरीकडे पाहिलं नाही.

रविवार, ३ जून.

बबनराव आज पुण्याला गेले. कॉलेजातच राहायची सोय झाली आहे. स्टेशनवर जायचं नाही हे माझं पक्कं होतं. शालनने लाडवांचा डबा हातात दिला आणि म्हणाली, एवढा देऊन या. डबा द्यायचा म्हणून गेलो. वाटेत एक वाक्य जुळवलं होतं, असं की जन्मभर लक्षात राहावं.

बबनराव ट्रंकेवर बसले होते. मला पाहून उठले. म्हणाले, उद्धवराव, मला फार धाकधूक होते आहे. तिथे मला एक गोष्ट पुन्हा पुन्हा कोण समजावून सांगणार? तुम्ही कधी कंटाळला नाहीत. रविवारी याल का?

जुळवलेलं वाक्य आठवेना. म्हटलं, डबा सरळ धरा, तूप गळेल.

गाडी आली. ट्रंक मी चढवली. ते खिडकीतून हात हलवत राहिले, मीही हलवला. गाडी गेली. आता संध्याकाळी घाटावर जाऊन काय बोलायचं आणि कोणाशी, हे मला कळेना. फलाटावर उभा राहिलो आणि डोळ्यांतून पाणी यायला लागलं. थांबेना. इंजिनाचा धूर डोळ्यांत गेला, असं इथे लिहिणार होतो. पण या लाइनीवर इंजिनं विजेची आहेत.