अकरा वाजून दहा मिनिटांची लांब रोटी

सिहोरा, ता. २२ जानेवारी १९८५

चि. गोपीचंद यास आत्याचे अनेक आशीर्वाद.

परवा रविवारी, ता. २० जानेवारीस, सकाळी ठीक अकरा वाजून दहा मिनिटांनी माझ्याच अंगणात माझ्यावर अन्याय झाला. तो सांगण्याआधी रीत म्हणून विचारते: सूनबाईचा खोकला कसा आहे? तुझे पोट? (मुंबईचे पाणी कोणाला मानवलेले मी अजून पाहिले नाही.) मी ठीक आहे. निदान रविवारी अकरापर्यंत होते.

तू पाठवलेले डेन्मार्कचे लार्स साहेब आमच्याकडची माणसे त्यांच्या जेवणातून समजून घ्यायला कॅमेरा घेऊन आले. त्यांच्यासाठी मी इंग्रजीत अकरा पाने लिहून ठेवली होती: धान, तलाव, मासळी, लाखोळीची डाळ, सगळे क्रमवार. (तीस वर्षे मुलींना इंग्रजी शिकवले आहे, पाट्या टाकल्या नाहीत.) साहेबांनी अकराही पाने अत्यंत अदबीने ऐकली. कॅमेरा बंद ठेवून.

त्यांना हवी होती देवकाबाई. आईच्या हाताखाली स्वयंपाक शिकलेली आणि तुला कडेवर घेऊन हिंडलेली तीच. ती लांब रोटी आणि रस्सा करणार होती. सैल भिजवलेली कणीक हातांवर झुलवत कोपरापर्यंत वाढवायची आणि चुलीवरच्या पालथ्या मडक्यावर टाकायची, हे तुला ठाऊक आहे. साहेबांच्या मदतनिसाला नव्हते. मडके चित्रात काळे दिसेल म्हणून त्याने ते विहिरीवर नेऊन साबणाने घासले. ओले मडके जाळावर ठेवताच त्याचे दोन तुकडे झाले. देवकाबाई त्याला म्हणाली, "काहून घासलं बाप्पा? त्याचं लगन लावाचं होतं का?" साहेबांनी मला अर्थ विचारला. बाई खेद व्यक्त करत आहेत, असे मी सांगितले.

मग तिने माळ्यावरून आईचे मडके उतरवले. आई गेल्यापासून, म्हणजे अठरा वर्षे, ते चुलीवर चढले नव्हते. मला सहाव्या वर्षी नागपूरच्या कॉन्व्हेंटात ठेवले. काटा डाव्या हातात, सुरी उजव्या, कोपर टेबलावर टेकायचे नाही, हे सिस्टरांनी वर्षभर घोटून घ्यावे आणि सुटीच्या पहिल्याच दिवशी आईने याच मडक्यावर रोटी करून सगळे पुसून टाकावे, असे दरवर्षी चाले. परवा पहिली रोटी उतरली आणि तोच वास आला. पुढचे मला नीट सांगता येत नाही. अकरा वाजून दहा मिनिटांनी मी जमिनीवर मांडी घालून, मनगटावरून रस्सा ओघळत असताना, डोळे मिटून खात होते आणि आता कॅमेरा सुरू होता.

फिल्म कापण्याचे काम तुझ्याकडे आहे. तेवढा तुकडा काप. माझ्या विद्यार्थिनी कुठे कुठे आहेत, याची तुला कल्पना नाही.

तुझी,
रत्ना आत्या

ता. क. कापलेला तुकडा फेकू नकोस, मला पाठव. त्यात मागून देवकाबाई म्हणते, "बाई, तुमची माय बी अशीच खाये, डोये मिटून." इतक्या वर्षांत हे तिने मला कधी सांगितले नव्हते.

आणखी ता. क. कापूच नकोस. होळीनंतर देवकाबाई मुलाकडे भिलाईला कायमची जात आहे. तिने स्वतःला पडद्यावर कधी पाहिलेले नाही. ती जाण्याआधी फिल्म आणि दाखवायचे यंत्र घेऊन तू स्वतः ये. पडद्यासाठी पांढरी चादर धुऊन ठेवली आहे. कोणत्या तारखेला येतोस ते १५ फेब्रुवारीच्या आत लेखी कळव. तोंडी निरोप चालणार नाही.