समुद्रापलीकडचे ‘अहो’

नाशिक,
शनिवार, दुपार

ती. वन्सं,

पायांवर डोकं ठेवते. मी इथे गंगापूर रोडला आणि तुमचे पाय सटाण्यात, तेव्हा नमस्कार टपालाने येतोय. मधे देवळा-कळवणकडे उतरला नसेल तर पोहोचला असं समजा. मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर डोळा कसा आहे? थेंब वेळेवर घालता ना? डोळा चोळू नका आणि कांदा चिरायला बसू नका. (कांद्याच्या व्यापाऱ्याच्या घरात हे सांगणं म्हणजे माशाला ओला होऊ नकोस म्हणण्यासारखं आहे, पण डॉक्टर तसंच म्हणाले होते.) निवृत्तीभाऊजींचा दमा यंदा शांत आहे का? कांदाचाळीतला माल टिकला की सडला? आम्ही दोघं सुखरूप आहोत. सुखरूप कसे आहोत, तेच सांगायला बसले आहे.

फोन का केला नाही, असं तुम्ही म्हणाल. वन्सं, राग मानू नका, पण तुम्ही फोन उचलला की ‘काय शे?’ म्हणता आणि लगेच स्पीकर लावता. मग अंगणात कांदा निवडणाऱ्या सगळ्या बायका माझ्या संसारात येऊन बसतात. (मागे ह्यांच्या मूळव्याधीवर कोण्या सुलाबाईंनी मागूनच औषध ओरडून सांगितलं होतं. गुण आला, नाही म्हणत नाही. पण आपला आजार सटाण्याला ठाऊक आहे, हे तुमच्या भावाला अजून ठाऊक नाही.) आणि हे पत्र संजनाकडून वाचून घेऊ नका. सून गुणाची आहे, पण ती आपल्या घरच्या ग्रुपवर आहे, आणि त्या ग्रुपवर आमचा हर्षलही आहे. चष्मा लावा, खोलीत जा, कडी लावा.

तर हर्षलचं, तुमच्या लाडक्या भाच्याचं, दोन वर्षांपासून एकच पालुपद चालू आहे: नाशिकचं घर बंद करा आणि बंगलोरला माझ्याकडे या. चौदाव्या मजल्यावर तुमची खोली तयार आहे. तुमच्या भावाचं उत्तरही ठरलेलं. सगळी नोकरी पाटबंधारे खात्यात गेली, आता चौदाव्या मजल्यावरून काय बघू, टँकर? अशात हर्षलला कंपनीने परिषदेसाठी अथेन्सला पाठवायचं ठरवलं आणि तो आम्हालाही सोबत घेऊन गेला. मी आनंदाने वेडी झाले. शाळेत सिस्टर मार्था आमच्याकडून ग्रीसचा नकाशा रंगवून घ्यायच्या. समुद्र निळा, बेटं पिवळी. माझा पिवळा खडू संपला म्हणून मी अर्धी बेटं हिरवी केली होती, तर त्यांनी शेजारी लाल शाईने लिहिलं, ‘इथे पाऊस फार पडलेला दिसतो.’ अशा मायाळू बाया आता मिळायच्या नाहीत. शाळेसमोरचं ते बदामाचं झाडसुद्धा आता नाही, रस्त्यात गेलं. असो, मी कुठच्या कुठे चालले.

अथेन्सला न्याहारीच्या टेबलावर बाप-लेकांची जुंपली. हर्षल म्हणाला, बाबा, तुम्ही कॉलेज रोडवर गाडी कुठे लावली ते विसरता आणि रिक्षाने घरी येता, तुम्हाला एकटं ठेवायची मला भीती वाटते. हे म्हणाले, गाडी विसरतो, तुझ्या आईला विसरत नाही. मग तिथल्या तिथे पैज लागली. त्याची परिषद असेल त्या दिवशी आम्ही दोघांनीच बोटीने बेटं बघून संध्याकाळी हॉटेलवर परतायचं. दिवसभरात त्याला मदतीसाठी एकही फोन करायचा नाही. जमलं, तर बंगलोरचा विषय कायमचा बंद. नाही जमलं, तर दिवाळीला सामान बांधायचं. वन्सं, घर पणाला लावण्याची पद्धत आपल्याकडे जुनीच आहे, आणि त्यात बायकोला कोणी विचारत नाही ही त्याहून जुनी.

ह्या प्रकाराला तिकडे सेल्फ-गाइडेड म्हणतात. ह्यांनी अर्थ विचारला. मी म्हटलं, आपणच आपले वाटाडे. हे म्हणाले, मग नाशकात वेगळं काय करतो? पण अगदीच वाऱ्यावर सोडत नाहीत. मोबाइलमध्ये एक बाई असते, ती कानात बोलते, आता डावीकडे बघा, आता पायऱ्या चढा. आमच्याकडे मोबाइल एकच (माझा मी हॉटेलच्या गादीखाली जपून ठेवला होता, परदेशात चोऱ्या होतात), आणि कानात घालायच्या वायरीची जोडीही एकच. एक टोक ह्यांच्या उजव्या कानात, एक माझ्या डाव्या. असे आम्ही जुवाला जुंपलेल्या बैलजोडीसारखे निघालो. हे थांबले की माझा कान ओढला जायचा आणि मी दुकानात डोकावले की ह्यांचा. पिशवीत दशम्या, शेंगदाण्याची चटणी, लिंबाचं लोणचं, ह्यांच्या साखरेच्या गोळ्या आणि तिकिटं. पिशवी माझ्याकडे, मोबाइल ह्यांच्याकडे. ही वाटणी ध्यानात ठेवा.

सकाळ अगदी निर्विघ्न गेली. पिरेअस म्हणून मोठं बंदर आहे, तिथून आम्ही एजिना बेटावर गेलो. तिथे पिस्ते पिकतात. ह्यांनी एक पिस्ता चावून ‘आपला शेंगदाणा काही वाईट नाही’ असा निकाल दिला. पण बोटीत मला एक घास उतरला नाही. पाणी शांत होतं, मीच हलत होते. प्रत्येक शिट्टी आपल्यासाठीच वाजली असं वाटायचं. तिकिटं आहेत ना म्हणून पिशवीत हात घालायचा, हाताला लोणच्याचं तेल लागायचं, ते तिकिटांना लागायचं. दुपारी दुसऱ्या बोटीने पोरोसला आलो. वन्सं, बेट इतकं देखणं की काय सांगू. उतारावर पांढरी घरं, वर घड्याळाचा मनोरा, आणि समोर अगदी हाकेच्या अंतरावर पलीकडचा काठ. गोदावरीला पूर आला की पात्र असतं ना, जवळपास तेवढंच पाणी मधे. त्या काठाचं नाव गलातास. छोट्या होड्या इकडून तिकडे सारख्या ये-जा करतात, आणि मोठी बोट त्याच धक्क्यावरून पिरेअसला परत जाते.

मोठ्या बोटीला अवकाश होता. हे म्हणाले, तू चौकशी करून जागा धर, मी ते पाण्याच्या देवाच्या देवळाचं राहिलेलं ऐकून येतो. आणि वायरीची दोन्ही टोकं स्वतःच्या कानात घालून धक्क्याच्या टोकाला जाऊन उभे राहिले. मी एका गणवेशवाल्या माणसाला गाठलं आणि सिस्टर मार्थांनी घोटवून घेतलेल्या इंग्रजीत, आपल्याला तसदी देत असल्याबद्दल आधी क्षमा मागून, इथे लागणारी नौका पिरेअसला जाणार आहे किंवा कसे, असं विचारलं. त्या गोंगाटात त्याला फक्त पिरेअस एवढं कळलं असावं. तो म्हणाला, ‘ने, ने.’ आता आमची हरसूलकडची भाजीवाली नवसाबाई ‘मेथी आहे का’ म्हटलं की घाईत ‘नाय, नाय’ म्हणते ते अगदी असंच ऐकू येतं. मी म्हटलं, बरं झालं विचारलं! शेजारी एक लहान होडी लागली होती. तिच्या नावाड्याला विचारलं, पिरेअस? तो म्हणाला, ‘ओही, ओही,’ आणि भुवया उडवून मान वर झटकली. आपल्याकडे ‘व्हय, व्हय, बसा की’ म्हणताना झटकतात तश्शी. मला इतका आनंद झाला की परक्या मुलखात कोणी व्हय म्हणणारं भेटलं! चढले, खिडकीशी बसले, आणि शेजारच्या जागेवर ह्यांच्यासाठी रुमाल टाकला. (एसटीत रुमाल टाकला की जागा आपली. होडीत रुमाल टाकला की होडी थांबते, असं मला का वाटलं, देव जाणे.)

होडी सुटली. धक्क्याच्या टोकाला तुमच्या भावाची पाठ दिसत होती, कानात वायरी, हात मागे बांधलेले, जणू धरणाच्या भिंतीवर पाहणीला उभे. गोळ्या माझ्याकडे, तिकिटं माझ्याकडे, मोबाइल त्यांच्याकडे, आणि मधे पाणी वाढत चाललेलं. सिस्टर मार्था म्हणायच्या, बाईचा आवाज शेजारच्या खोलीत जाता कामा नये. मी उभी राहिले आणि ओरडले, ‘अहो! अहो ऽऽ!’ पाठ हलली नाही. शेजारी काळा चष्मा लावलेली एक जाडजूड ग्रीक बाई होती. तिने माझा हात धरला आणि मोडक्या इंग्रजीत विचारलं, नवरा? मी मान हलवली. तिने लगेच सगळ्या होडीला काहीतरी सांगितलं. मी ‘ते नाव नव्हे, बाई’ असं म्हणेपर्यंत सगळी माणसं होडीच्या कडेला उभी राहिली, होडी एका अंगाला कलली, आणि म्हातारे, पोरीबाळी, पाव घेऊन निघालेला एक माणूस, स्वतः नावाडी, सगळे एका सुरात ओरडायला लागले, ‘आहो! आहो!’ लग्नाला इतकी वर्षं झाली, उखाण्याशिवाय मी नाव घेतलं नाही, आणि तिथे परक्या बायका माझ्या नवऱ्याला अहो म्हणत होत्या! मला हसू येत होतं आणि डोळ्यांतून पाणी थांबत नव्हतं. शेवटी ते वळले. त्यांनी हात हलवला.

पलीकडे उतरल्यावर त्या चष्मेवाल्या बाईने मला समजावलं, की त्यांच्याकडे ‘ने’ म्हणजे होय आणि ‘ओही’ म्हणजे नाही. ज्या देशात होयला नाय आणि नाहीला व्हय म्हणतात, त्या देशात संसार कसे चालतात कोण जाणे. (तसे आपल्याकडेही ह्याहून फार वेगळे चालत नाहीत.) एवढ्यात ह्यांनी त्या काठावरून खुणा सुरू केल्या. पाटबंधारेवाल्यांच्या खुणा त्या, दरवाजा उघडा, दरवाजा बंद करा. मला वाटलं, तू इकडे ये म्हणताहेत. ते म्हणत होते, तू तिथेच थांब. मी त्याच होडीत परत चढले. ते दुसऱ्या होडीत चढले. पाण्याच्या मध्यावर आम्ही एकमेकांना ओलांडून जायला लागलो, तेव्हा मी गोळ्यांची डबी उंच धरून ‘अहो, खाल्लं नाहीत!’ म्हणाले आणि ते म्हणाले, ‘थांब म्हटलं होतं ना!’ एवढं बोलणं ऐकून दोन्ही नावाड्यांना आमचं नातं कळलं. त्यांनी होड्या अंगाला अंग लावून आणल्या, दोघांनी ह्यांना बखोटीला धरलं आणि ट्रकमधून कांद्याची गोणी उतरवतात तसं माझ्या होडीत उतरवलं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मी रुमाल उचलला, ते शेजारी बसले. मी दशमी काढून दिली, त्यांनी निमूटपणे खाल्ली.

मोठी बोट आमच्या नशिबाने उशिरा आली. गणवेशवाला ‘मिस्टर आहो’ म्हणून ह्यांच्याशी हात मिळवून गेला. संध्याकाळी आम्ही हॉटेलात शिरलो तेव्हा हर्षल समोरच्या सोफ्यावर बसला होता. त्याने विचारलं, कसं झालं? हे म्हणाले, एकदम शिस्तीत. मी म्हटलं, पिस्ते छान होते. पैज आम्ही जिंकलो. बंगलोरचा विषय बंद झाला.

भाऊजींना नमस्कार, संजनाला आणि लेकरांना आशीर्वाद. डोळ्याला जपा.

तुमची,
सुवर्णा

ता. क. पण हर्षलला संशय आहे. जाताना म्हणाला, आई खरं काय ते आत्याला सांगितल्याशिवाय राहायची नाही, मी आत्यालाच विचारीन. तुमच्या गळ्यात माळ आहे, तुम्हाला खोटं बोला असं मी म्हणणार नाही. त्याचा फोन आला तर एवढंच म्हणा: ‘दोघं एकाच बोटीने परत आली.’ हे शंभर टक्के खरं आहे. कोठून परत, ते तो विचारणार नाही.

ता. क. दुसरा. वरचा ता. क. खोडा. पत्र कालपासून पिशवीत होतं, आताच पुन्हा काढलं. वन्सं, वर मी लिहिलं की ते वळले आणि त्यांनी हात हलवला. ते वळले, पण हात लगेच हलला नाही. सगळी होडी ओरडत होती आणि ते आमच्याकडे बघत होते, मग बोटींकडे, मग वर त्या घड्याळाकडे. आपण कुठे आलो आहोत आणि ही माणसं कोणाला बोलावताहेत, हे त्यांना कळत नव्हतं. मग माझी हिरवी साडी दिसली असेल, तेव्हा हात वर गेला. त्यांना हे आठवत नाही, आणि मी तो विषय काढलेला नाही. तिथे माझ्यासोबत हाक मारायला होडीभर माणसं होती. इथे गंगापूर रोडला दुपारी कॉलनीत चिटपाखरू नसतं. मला बंगलोरला जायचं आहे. हर्षलला सगळं सांगा, पहिल्यापासून. पण मी सांगितलं असं नको, आणि पैज हरलो असंही ह्यांना कळायला नको. तुमचा शब्द ते आजवर मोडत आलेले नाहीत. तुम्हीच त्यांना जा म्हणा.

ता. क. तिसरा. जा म्हणताना कारण त्यांचं सांगू नका, त्यांच्या मनाला लागेल. म्हणा, सुवर्णाच्या गुडघ्यांना आता ह्या घराच्या पायऱ्या झेपत नाहीत, तिला लिफ्टचं घर हवं. माझे गुडघे ठणठणीत आहेत. पण त्यांची लंकाअक्का, म्हणजे तुम्ही, कधी खोटं बोलत नाही, हे त्यांना पक्कं ठाऊक आहे, म्हणून ते लगेच विश्वास ठेवतील.