पाव्हण्यांचा संडास

प्रिय अपेक्षा,

तुझे कपडे न्यायला तुझा भाऊ सांगलीहून आलाय. ओट्यावर चहा पितोय, तेवढ्यात लिहितोय. फोनवर तू "बरी हाय" म्हणतेस आणि ठेवतेस.

सुट्टीवर आलो त्याच दिवशी संडासाचं कुलूप काढलं. आत पेंडीची पोती, वर कांदे पसरलेले. गुलाबी फरशी घालून मीच बांधला आणि गावभर मिरवलो. आई म्हणाली, "टाकी भरंल रं, पाव्हण्यांपुरता राहू दे." मी मान डोलावली. घरच्या बाईनं उसात जायचं आणि पाव्हण्यांसाठी गुलाबी फरशी, ही कसली रीत! पण तेव्हा मला ते शहाणपण वाटलं. काल टाकीचं झाकण काढून आईला दाखवलं, तळाला ओलसुद्धा नव्हती. ती म्हणाली, "मी जन्मभर उसातच गेले. मला कवा कुणी इचारलं?" तिच्यावर ओरडणार होतो, ते सोडून झाकण परत बसवलं.

ऊस उभा होता तोवर आडोसा तरी होता. तोड झाली, रान उघडं पडलं, आणि तू दुपारनंतर पाणी पिणंच सोडलंस. हे मला माहीत होतं गं. तूच फोनवर सांगितलंस आणि मी खिदळलो, "उंटच झालीस की गं!" त्यानंतर तू तो विषय काढला नाहीस. मला वाटलं, झाली असेल काहीतरी सोय. मग लघवीतून रक्त गेलं आणि तुझ्या वडिलांनी तुला नेलं. लय लाज वाटते.

तुझा भाऊ आत्ता सांगत होता, डॉक्टर तपासण्यांवर तपासण्या करतायत. पाणी का पीत नाहीस विचारलं, तर तू म्हणालीस, "तहानच लागत न्हाई." फौजीच्या घरची अब्रू राखलीस होय? चुलीत गेली ती अब्रू, तिथं तुझी किडनी जायची वेळ आलीय. उद्या त्यांना खरं सांग. सांग, नवऱ्यानं संडास बांधला आणि मला वापरू दिला नाही. तोंडातून शब्द फुटला नाही, तर हा कागद त्यांच्यापुढं ठेव. त्यासाठीच लिहिलाय, म्हणून खाली पूर्ण नाव घालतोय.

तुझाच,
मानसिंग दादासो यादव