पहिली चिंधी पांढरी निघाली

येलदरी,
रविवार, १८ फेब्रुवारी २०२४

चि. सिद्धोधन,

जय भीम.

आम्ही ठीक आहोत. बाबा माझ्याकडे आहेत, हे तुला शेजारच्या नीलमकाकूंनी सांगितलं असेलच. डोळ्यांत थेंब सकाळ-संध्याकाळ घालते. इथे त्यांना करमतं. सकाळी काठी घेऊन धरणाच्या रस्त्याने थोडं जातात, परत येतात. परवा एकाशी बराच वेळ घासाघीस करून मासा आणला आणि तो ताजा नाही म्हणून दिवसभर माझ्यावरच कुरकुरले. थंडी ओसरली. शाळेत चौथीचा वर्ग माझ्याकडेच आहे.

तुझे फोन आले. मी उचलले नाहीत. फोनवर तू हसतोस, आणि तू हसलास की मला माझंच म्हणणं खोटं वाटू लागतं. लहानपणापासून हे असं आहे. म्हणून लिहिते. पुण्याहून परतलास की पत्र घरी असेल. तारखा मुद्दाम घातल्या आहेत.

जानेवारीत तू पाठवलेला स्टॅम्पपेपर मिळाला. बाबा सत्तरीच्या पुढे गेले, त्यामुळे पिस्तुलाचा परवाना मुलाच्या नावावर करावा, मुलगी म्हणून माझी हरकत नाही, असं त्यात लिहिलं आहे. मी तो वाचून टेबलाच्या खणात ठेवला. सही लगेच का केली नाही, ते मलाही तेव्हा नीट माहीत नव्हतं. कदाचित तू सोबत पेन पाठवलंस म्हणून. तू कधी कुणाला पेन पाठवत नाहीस.

तो परवाना मिळाला तेव्हा तू सहावीत होतास. बाबा फौजेतून येऊन बँकेत सुरक्षारक्षक झाले होते. आपल्या गल्लीतला तो पहिला परवाना. सूर्यभानमामा पेढे घेऊन आले आणि पिस्तुलाकडे न बघता परवान्याच्या पुस्तकाकडेच बघत बसले. त्यांनी शिक्क्यावरून बोट फिरवलं, ते मला आठवतं. बाबांनी पंचवीस वर्षांत त्यातून घरी एकही गोळी झाडली नाही. दर महिन्याच्या पहिल्या रविवारी मात्र ते उघडलं, पुसलं आणि ठेवलं.

डोळे गेल्यावर ते काम माझ्याकडे आलं. तुझ्याकडे का नाही, हे तू एकदा विचारलं होतंस. बाबा म्हणाले, तुला घाई असते. तीन वर्षं मी जिंतूरहून बस धरून परभणीला येते. जमिनीवर वर्तमानपत्र पसरते. बाबा खुर्चीत बसून बोलतात, मी करते. आधी मॅगझीन बाहेर. मग स्लाइड ओढून आत करंगळी घालायची. रिकामं आहे हे डोळ्याला नाही, बोटाला कळलं पाहिजे. मग सुटे भाग, नळीतून ब्रश, ब्रशमागून पांढरी चिंधी. शेवटी तेलाचा एक थेंब. जास्त तेल लावलं की आपल्याकडची धूळ त्यात बसते. मग काडतुसं मोजायची. दहा.

३ डिसेंबरला चिंधी काळी निघाली. दुसरीही काळी. काडतुसं नऊ होती.

बाबा समोर होते. त्यांना दिसत नव्हतं. मी काही बोलले नाही. सात चिंध्या लागल्या. त्या पिशवीत घालून मी येलदरीला आणल्या आणि चुलीत जाळल्या. संध्याकाळी तुला फोन केला. नळीत काजळी आहे, एक काडतूस कमी आहे, असं सांगितलं. तू हसलास. दिवाळीत गच्चीवर जाऊन आभाळात एक उडवलं, हौस म्हणून, असं तू सांगितलंस. बाबांना सांगू नको म्हणालास. मी बरं म्हटलं.

त्या फोनवर मी तुला दोन गोष्टी शिकवल्या. झाडलेली नळी मला ओळखता येते ही एक. मी मोजते ही दुसरी.

७ जानेवारीला सगळं ठीक होतं. अपेक्षाने पोहे केले होते. ती बोलली नाही, पण तुझ्याशी लग्न होऊन आल्यापासून ती माझ्याशी फारशी कधी बोलत नव्हती, म्हणून मी त्याचं काही वाटून घेतलं नाही. धान्याच्या खोलीला कुलूप होतं. किल्ली कुठे म्हणून विचारलं तर तिने तुझ्याकडे पाहिलं. उंदीर झालेत, तू म्हणालास.

४ फेब्रुवारीला आले तेव्हा ती घरात नव्हती. माहेरी गेली, मानवतला, आईला बरं नाही, असं तू म्हणालास आणि लगेच बाहेर पडलास. मी वर्तमानपत्र पसरलं. पहिली चिंधी नळीतून काढली. ती ओली होती आणि पांढरी होती.

तुला हे ठाऊक नसणार. महिनाभर कपाटात पडलेल्या नळीतून पहिली चिंधी पांढरी निघत नाही. जुनं तेल पिवळं होऊन उतरतं. त्या नळीत ताजं तेल होतं, पाचसहा थेंब, आणि त्याला शिलाई मशीनच्या तेलाचा वास होता. ज्याने आयुष्यात ते पिस्तूल कधी पुसलं नाही त्याने ते पुसलं होतं, आणि माझ्यापेक्षा जास्त मन लावून. काडतुसं नऊच होती. मी एकेक उलटं करून बघितलं. आठांच्या बुडावर एकाच कारखान्याचा शिक्का होता. नवव्यावर दुसरा.

बाबांनी विचारलं, झालं का. मी झालं म्हटलं. हातात ते नववं काडतूस होतं.

शनिवारी, १० तारखेला, सकाळची शाळा करून मी मानवतला गेले. अपेक्षाची आई ठणठणीत होती, अंगणात कापसाच्या पऱ्हाट्या मोडत होती. मला बघून ती म्हणाली, “आता आठवण झाली व्हय?” चहा दिला, पण स्वतः समोरून हलली नाही. अपेक्षाला मी काहीच विचारलं नाही. एवढंच म्हटलं की पिस्तूल मी साफ करते. तिने हातातला कप खाली ठेवला. मग म्हणाली,

“ताई, तुमाला डिसेंबरातच कळलं व्हतं ना? ते मला म्हणाले. ताईला माहीत हाय, तिचं काही म्हणणं न्हाई.”

यावर मी काय उत्तर द्यायला हवं होतं, याचा मी आठ दिवस विचार करते आहे.

बाकीचं तिने सलग सांगितलं, वर्गात मूल कविता म्हणतं तसं. तिने नर्सिंगच्या भरतीचा अर्ज भरला, तो तुला मोबाइलवर सापडला. लक्ष्मीपूजनाच्या संध्याकाळी गल्लीत फटाके सुरू झाल्यावर तू तिला धान्याच्या खोलीत नेलंस. तिला गव्हाच्या कोठीला टेकून उभं केलंस. गोळी कोठीत गेली, तिच्या डाव्या हातापासून वीतभर. तू म्हणालास, बघ, कुणी आलं का. जानेवारीत परीक्षेचं पत्र आलं. २८ तारखेला तू तिला गाडीवर बसवून तुझ्या नव्या प्लॉटिंगच्या जागेवर नेलंस आणि तिच्या पायापुढच्या मातीत झाडलंस. दुसऱ्या दिवशी तिने शेजारच्या टेलरबाईंना मशीन दाखवायचं निमित्त केलं आणि तशीच बसस्टँडवर गेली.

तू हे नाकारशील. मी तुझी बहीण आहे, मलाही नाकारावंसं वाटलं. बसमध्ये मी तिच्या सांगण्यात फट शोधत होते. तारखा जुळवून बघितल्या. सगळ्या जुळल्या, कारण त्यांच्या चिंध्या मी माझ्याच हाताने नळीतून काढल्या होत्या.

रविवारी परभणीला आले. तू आदल्याच दिवशी पुण्याला गेला होतास. बाबांना कसं सांगावं ते येताना ठरवत होते. त्यांना आधी खुर्चीत बसवावं, पाणी द्यावं, असं काहीतरी. मी म्हटलं, बाबा, दिवाळीत सिद्धूने गच्चीवर पिस्तूल उडवलं होतं. तिथून सुरुवात करणार होते.

“गच्चीवर न्हाई,” बाबा म्हणाले. “घरात. बंद खोलीतला बार दाबून येतो. फटाका कोणता आन् गोळी कोणती, मला कळत न्हाई का?”

मी विचारलं, मग तुम्ही बोलला का नाहीत.

“तुझी वाट पाहिली. तू आलीस, नळी पुसलीस, सात चिंध्या लागल्या. मी मोजल्या. तू उठून गेलीस. मला वाटलं, तुला चालायलंय. पोरगा आत जाईल, परवाना जाईल, गल्लीत तोंड दाखवायला जागा राहणार न्हाई. मीबी गप बसलो.”

म्हणजे ती पोर दोन महिने कोठीजवळून ये-जा करत होती, आणि आम्ही दोघं एकमेकांकडे बघून गप्प होतो. हे तुझ्या अपराधात मोडत नाही. हे आमचं आहे. जबाबातही मी ते तसंच सांगितलं आहे.

होय, जबाब. १२ तारखेला, सोमवारी, मी रजा टाकली. कुलूप तोडून धान्याची खोली उघडली. कोठीला तू आतून पत्रा लावून बुजवलेलं भोक आहे. गहू बदललेला आहे. मग रिक्षाने पोलीस ठाण्यात गेलो. बाबांनी फौजेतलं जाकीट घातलं होतं. पिस्तूल, परवाना, आठ काडतुसं एका पिशवीत आणि नववं मी वेगळ्या पाकिटात दिलं. साहेब बाबांशी आदराने बोलले. परवाना रद्द करण्याचा अर्ज त्यांनीच लिहून घेतला. लिहिता लिहिता साहेबांनी विचारलं, परवाना मुलाच्या नावावर होऊ शकतो, वारस आहे ना?

“वारस न्हाई, लिहा,” बाबा म्हणाले.

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली. बाबांना ते दिसलं नाही, पण त्यांना कळलं असावं. येताना रिक्षात ते रडले. मी त्यांना रडताना पहिल्यांदा पाहिलं. परवान्यासाठी रडत होते की तुझ्यासाठी, मी विचारलं नाही.

अपेक्षाने शुक्रवारी स्वतः जाऊन तक्रार दिली. मी तिला जा म्हटलं नव्हतं, आणि जाऊ नको असंही म्हटलं नाही. तुला बोलावणं येईल. पळालास तर ते तुझ्याविरुद्ध जाईल, आणि आलास तर बाबा तुला भेटतील की नाही, मला सांगता येत नाही. वकील बघ. त्याच्यापासून काही लपवू नकोस. तुला ते जमत नाही, हे तुला आता कळलं असेल.

मानवतला जाऊ नकोस. अपेक्षा तिथे नाही. तिच्या आईवडिलांनाही माहीत नाही ती कुठे आहे, त्यामुळे त्यांच्या दारात उभं राहून काही उपयोग नाही. हे पत्र मी तीनदा वाचलं, व्याकरणासाठी नव्हे. तिचा पत्ता चुकूनही कुठे आला नाही ना, एवढंच बघत होते. आलेला नाही. तिची परीक्षा व्हायची आहे. तोपर्यंत, आणि नंतरही, तू तिला शोधलंस तर मला कळेल. मला काय काय कळतं, ते तुला ठाऊक आहे.

एरवी मी तुला नुसतं ‘ताई’ लिहिते. या पत्राची एक प्रत उद्या ठाण्यात देणार आहे, म्हणून नाव पूर्ण लिहिते.

सुकेशनी सिताराम खंदारे