त्या आजींचं कुंकू

श्रूजबरी, मॅसॅच्युसेट्स

अहो,

सप्रेम नमस्कार या खेपेला नाही. तुम्ही पोटच्या पोरीचा, सावनीचा फोन उचलत नाही, माझाही नाही, म्हणून पत्र.

आम्ही बऱ्या आहोत. थंडी मरणाची आहे. बीपीची गोळी घेता ना?

सावनी, रेणू आणि त्यांच्या चित्रकार मित्रांनी इथल्या लायब्ररीच्या भिंतीवर एका कृष्णवर्णीय कवयित्रीचं चित्र रंगवलं. ती गेल्या वर्षी वारली. जन्मभर तिने एका बाईबरोबर संसार केला, त्यावरच कविता लिहिल्या. रेणूवरून तुम्ही सावनीला जे बोललात, ते या कवयित्रीने उभा जन्म ऐकलं. ही पोरं मात्र तिच्या कविता पाठ म्हणतात.

कार्यक्रम संक्रांतीच्या दिवसांतला, म्हणून मी तिळगूळ आणि कुंकवाचा करंडा नेला. पोरी हौसेने कपाळ पुढे करत होत्या. पुढच्या रांगेत कवयित्रीची जोडीदार बसली होती, चांगली ऐंशीची. मी तिच्यापाशी गेले, तर इथल्या मराठी मंडळातल्या प्रतिमाबाईंनी माझा हात धरला.

"अहो, त्यांना नको. विधवा ना त्या!"

याच बाई येताना गाडीत म्हणत होत्या, असल्यांचं कसलं आलंय लग्न!

मी म्हटलं, "विधवा म्हणताय, म्हणजे लग्न झालेलं कबूल ना?" आणि कुंकू लावलं. आजींनी माझा हात सोडला नाही.

सावनी-रेणूचं लग्न मे महिन्यात आहे. पत्रिकेवर तुमचं नाव मी घातलंय, तुम्हाला न विचारता.

परतेन ती तुमच्याबरोबरच. येणार नसाल, तर दूधवाल्याला यापुढे अर्धाच लिटर सांगा.

अजून तरी तुमचीच,
शोभना