तळातलं दार

प्रिय वहिनी,

युद्धात जहाजाला भगदाड पडलं, तेव्हा तुमच्या मिस्टरांनी इंजिनखोलीचं दार स्वतः आतून लावून घेतलं आणि जीव देऊन जहाज वाचवलं. आमच्या ह्यांनी तुम्हाला सांगितलं ते हेच, आणि मलाही. जहाजाचे कप्तान म्हणून ह्यांना पदक मिळालं. पुढे शांततेच्या काळात कप्तानाचे अ‍ॅडमिरल झाले. तुम्ही ह्यांना देव मानता. मला मात्र एक गोष्ट खटकायची. हे घरातलं एकही दार लावू देत नाहीत, न्हाणीघराचंसुद्धा.

काल त्या जहाजाचं संग्रहालय झालं. हे वर भाषण ठोकत होते, तेवढ्यात मी गुपचूप तळाशी उतरले. इंजिनखोलीत जाऊन दारावर आतून हात फिरवला. नुसता सपाट पत्रा. कड्या सगळ्या बाहेरून.

घरी आल्यावर सहज विचारल्यासारखं केलं, "अहो, ते दार आतून कसं लावतात?"

बूट काढता काढता हे थांबले. "तू खाली कशाला गेली होतीस?"

आमचं टपाल हेच पेटीत टाकतात, म्हणून हे पत्र उशीच्या अभ्र्यातच राहील. आज पहिल्यांदाच ह्यांनी आपल्या खोलीचं दार लावून घेतलंय. आतून.

तुमची,
दाराबाहेर बसलेली ताई